आतड्यांच्या रोगांचा इतिहास आणि आपले कलकत्ता

संस्थेने पन्नाशी गाठली की स्मरणिका निघते, दीपप्रज्वलन होते, जुन्या कार्यकर्त्यांचा सत्कार होतो. माणसाने पन्नाशी गाठली की काय करावे, हेही आपल्या पूर्वजांनी सांगून ठेवले आहे. पन्नासाव्या वर्षी वैष्णवी शांती, पंचावन्नाव्या वर्षी वारुणी शांती आणि साठाव्या वर्षी उग्ररथ शांती, असा क्रम घरोघरी परिचित आहे. वयाच्या या टप्प्यांवर देहास काही अपाय संभवतो आणि त्याचे निवारण वेळीच करावे, ही त्यामागील धारणा होय. योगायोगाची गोष्ट अशी की, आधुनिक वैद्यकानेही विसाव्या शतकाच्या अखेरीस पन्नाशीसाठी एक विधी सांगितला. तो म्हणजे मोठ्या आतड्याची तपासणी. विषय सणासुदीच्या अंकास शोभणारा नाही, असे काही वाचकांस वाटेल. परंतु ज्या नगरीत आपले मंडळ अर्धशतक नांदले, त्या नगरीचा वैद्यकीय इतिहास हा मुख्यतः उदररोगांचा इतिहास आहे. म्हणून या प्रसंगी त्याचे स्मरण अप्रस्तुत ठरू नये.

आरंभ सुश्रुतापासून करावा लागतो. सुश्रुतसंहितेत शस्त्रक्रियेच्या उपकरणांचे वर्णन आहे, त्यात 'अर्शोयंत्र' नावाचे एक यंत्र येते. धातूचे, हस्तिदंताचे, शिंगाचे किंवा लाकडाचे, आकाराने गाईच्या सडासारखे आणि चार अंगुळे लांब अशी ही नळी मूळव्याधीच्या परीक्षणासाठी व उपचारासाठी वापरली जाई. शरीराच्या त्या अवघड जागी डोळ्यांनी पाहिल्यावाचून निदान करू नये, ही दृष्टी त्या काळीही होती, हे महत्त्वाचे. ही संहिता प्रथम छापली गेली ती याच कलकत्त्यात, 1835-36 च्या सुमारास, आणि तिचे संपादक होते पंडित मधुसूदन गुप्त. कलकत्ता मेडिकल कॉलेजची स्थापना 1835 मधली. तेथे 1836 मध्ये रूढीचा कडवा विरोध पत्करून मानवी शवाचे विच्छेदन करणारेही हेच मधुसूदन गुप्त होत. एका हाताने प्राचीन ग्रंथ छापावा आणि दुसऱ्या हाताने सुरी धरून देहाच्या आत काय आहे ते पाहावे, असा हा विलक्षण पुरुष. पाहण्याची लाज आणि पाहण्याची गरज यांमधील झगडा आपल्या देशात तेव्हापासून चालू आहे.

या झगड्यात एका मराठी स्त्रीचे नाव कलकत्त्याशी कायमचे जोडले गेले आहे. गोपाळराव जोशी टपाल खात्यात नोकरीस होते. बदलीच्या निमित्ताने ते प्रथम कलकत्त्यास व नंतर श्रीरामपूरला (सेरामपूरला) आले. सरकारी नोकराचे बिऱ्हाड म्हणजे काय, हे आपल्यापैकी पुष्कळांस वेगळे सांगावयास नको. 24 फेब्रुवारी 1883 रोजी श्रीरामपूरच्या कॉलेजात आनंदीबाईंनी आपण अमेरिकेस का जात आहोत, हे जाहीर सभेत सांगितले. पुरुष डॉक्टरांसमोर आपली व्यथा मांडण्यास व तपासून घेण्यास हिंदी स्त्रिया संकोचतात आणि त्या संकोचापायी झुरतात, म्हणून या देशास स्त्री-डॉक्टर हवेत, हा त्यांच्या म्हणण्याचा गाभा होता. 7 एप्रिल 1883 रोजी त्यांनी कलकत्त्याहूनच बोटीवर पाय ठेवला, 1886 मध्ये पदवी घेतली, आणि 1887 च्या फेब्रुवारीत पुण्यास क्षयाने त्यांचा अंत झाला. संकोच हाही एक रोगच आहे, हे निदान या मुलीने विसाव्या वर्षाच्या आत केले होते. त्या निदानाची आठवण पुढे पुन्हा करावी लागणार आहे.

आनंदीबाईंनी कलकत्ता सोडले त्याच वर्षाच्या अखेरीस रॉबर्ट कॉख हा जर्मन शास्त्रज्ञ येथे येऊन थडकला. पटकीच्या साथीने मेलेल्यांच्या आतड्यांत, तसेच शहरातील एका तळ्याच्या पाण्यात त्याला तो स्वल्पविरामासारखा वाकडा जंतू सापडला. 1884 च्या आरंभी त्याने आपले निष्कर्ष जर्मनीस कळविले. पुढे 1894 मध्ये वाल्डेमार हाफकिन याने पटकीची लस येथील वस्त्यांमधून टोचली. याच हाफकिनने 1897 मध्ये मुंबईस प्लेगची लस तयार केली, म्हणून त्याचे नाव परळच्या संस्थेस मिळाले व आपल्या परिचयाचे झाले. 1912 मध्ये सर लिओनार्ड रॉजर्स यांनी आवेवर एमेटीनची इंजेक्शने गुणकारी ठरतात असे येथेच दाखविले. 1921 मध्ये सुरू झालेल्या स्कूल ऑफ ट्रॉपिकल मेडिसिन या संस्थेच्या उभारणीमागेही त्यांचेच परिश्रम होते. 1959 मध्ये डॉ. शंभुनाथ दे यांनी पटकीच्या जंतूपासून निघणारे विषच सारा अनर्थ करते, हे सशाच्या आतड्यावरील साध्या प्रयोगांनी सिद्ध केले. आणि 1971 मध्ये, बांगलादेशातून निर्वासितांचे लोंढे आले तेव्हा, डॉ. दिलीप महालनबीस यांनी बनगावच्या छावणीत मीठ, साखर व सोडा यांचे पाणी पाजून असंख्य प्राण वाचविले. शिरेतून द्यावयाचे सलाईन संपले होते, म्हणून तोंडावाटे पाणी द्यावे, इतकी सरळ ही युक्ती होती. छावणीतील मृत्यूचे प्रमाण शेकडा 30 च्या घरातून 4 च्या आत आले. महालनबीसांना पद्मविभूषण मिळाले 2023 मध्ये, मृत्यूनंतर. शंभुनाथ दे 1985 मध्ये गेले, त्यांना तेवढेही मिळाले नाही.

अशा रीतीने या एका शहराने आतड्यांच्या तीव्र रोगांवर जगास जे दिले, त्यास तोड नाही, असे म्हटल्यास अतिशयोक्ती होणार नाही. परंतु या उज्ज्वल परंपरेचा एक विपरीत परिणामही झाला. पोटाचे दुखणे म्हणजे जंतूंचे दुखणे, ही समजूत आपल्या हाडीमासी खिळली. येथे शौचावाटे रक्त पडले की बंगाली शेजारी म्हणतो 'आमाशा' किंवा 'अर्श', आपण म्हणतो आव किंवा मूळव्याध. बहुतेक वेळा ते खरेही असते, आणि तेच या प्रकरणातील संकट आहे. दहांपैकी नऊ वेळा खरे ठरणारे अनुमान दहाव्या वेळी माणसास फसविते.

आमच्या खात्यातील एक अधिकारी, वय 52, मूळचे सातारा जिल्ह्यातील. हिशेबाच्या कागदावर एक पैसा इकडचा तिकडे होऊ न देणारे. त्यांना अधूनमधून रक्त पडू लागले. त्यांनी ते घरीही सांगितले नाही. प्रथम इसबगोल झाला, मग सुरणाचे पथ्य झाले, मग कोणी सांगितलेले मलम झाले. चौदा महिने असे गेले. वजन उतरले, चेहरा पांढुरका पडला, तेव्हा पत्नीने आग्रहाने नेऊन तपासणी करविली. मोठ्या आतड्यातील गाठ तोवर यकृतापर्यंत पोहोचली होती. पुढच्या गणेशोत्सवात आरतीच्या वेळी त्यांची जागा रिकामी होती. कोणा वैद्याचा येथे दोष नव्हता, कारण ते कोणाकडे गेलेच नव्हते. आनंदीबाईंना स्त्रियांविषयी जे वाटले, ते सुशिक्षित, पेन्शनीस आलेल्या पुरुषांविषयीही तितकेच खरे आहे.

आता या रोगाचे स्वरूप थोडक्यात पाहू. मोठ्या आतड्याच्या आतील अस्तरावर वयोमानाने बारीक मांसांकुर उगवतात. त्यांना पॉलिप म्हणतात. पुष्कळसे निरुपद्रवी असतात, परंतु त्यांतील एका जातीचे काही अंकुर हळूहळू मोठे होऊन कर्करोगात परिणत होतात. या स्थित्यंतरास सामान्यतः 10 वर्षे किंवा त्याहून अधिक काळ लागतो. शत्रू इतक्या सावकाश येतो, हेच आपले भाग्य. त्या अवधीत अंकुर दिसला आणि काढून टाकला, तर रोग होण्यापूर्वीच टळतो. फार थोड्या कर्करोगांविषयी असे म्हणता येते.

अंकुर दिसावा कसा, हा प्रश्न होता. 1806 मध्ये फिलिप बोत्सिनी या जर्मन वैद्याने मेणबत्तीच्या उजेडावर चालणारे एक यंत्र शरीराच्या पोकळ्यांत डोकावण्यासाठी केले. पुढे ताठ नळ्या आल्या. पण आतडे नागमोडी आणि नळी सरळ, त्यामुळे शेवटच्या वीतभर भागापलीकडे दृष्टी पोहोचेना. हा पेच सोडविण्यात एका भारतीयाचा वाटा आहे. पंजाबातील मोगा येथे 1926 साली जन्मलेले नरिंदरसिंग कपानी हे लंडनच्या इंपीरियल कॉलेजात हॅरल्ड हॉपकिन्स यांच्या हाताखाली संशोधन करीत होते. काचेच्या केसासारख्या तंतूंच्या जुडग्यातून प्रतिमा वळणावळणाने नेता येते, हे त्या दोघांनी 2 जानेवारी 1954 च्या 'नेचर'मध्ये प्रसिद्ध केले. कपानींनाही पद्मविभूषण मिळाले ते मरणोत्तर, 2021 मध्ये. या शोधावर आधारलेली जठराची लवचिक दुर्बीण 1957 मध्ये अमेरिकेत बेसिल हिर्शोवित्झ यांनी दाखविली. 1969 मध्ये न्यूयॉर्क येथे विल्यम वुल्फ आणि जपानहून आलेले हिरोमी शिन्या यांनी मोठ्या आतड्यातील अंकुर दुर्बिणीतूनच तारेचा फास टाकून कापण्यास आरंभ केला. पोट न फाडता काम होऊ लागले. हीच कोलोनोस्कोपी. 1980 नंतरच्या दशकात तंतूंच्या जागी सूक्ष्म कॅमेरा आला आणि आतड्याचे अंतरंग पडद्यावर दिसू लागले.

दुसरी वाट अधिक स्वस्त व साधी होती. डोळ्यांना न दिसणारे रक्त शौचात आहे काय, हे रसायनाने ओळखावयाचे. ही युक्ती एकोणिसाव्या शतकापासून ठाऊक होती. अमेरिकेतील मिनेसोटा येथे 46,551 व्यक्तींवर दीर्घकाळ झालेल्या पाहणीचे निष्कर्ष 1993 मध्ये प्रसिद्ध झाले. दरवर्षी ही परीक्षा करणाऱ्या गटात या कर्करोगाचे मृत्यू सुमारे एक तृतीयांशाने घटले होते. जपानने 1992 मध्ये, तर इंग्लंडने 2006 मध्ये शौचपरीक्षेवर आधारलेली राष्ट्रीय योजना सुरू केली. अमेरिकेतील तज्ज्ञ मंडळाने 1996 मध्ये पन्नाशीनंतर तपासणीची शिफारस केली, आणि तरुण वयातील रुग्ण वाढू लागल्याने 2021 मध्ये ही मर्यादा 45 वर आणली. शिफारशीचा सारांश असा: दरवर्षी शौचाची परीक्षा, किंवा दर 10 वर्षांनी कोलोनोस्कोपी. आईवडील वा भावंडांपैकी कोणास हा रोग झाला असेल, तर चाळिशीपासून, किंवा त्या नातलगाच्या रोगकाळच्या वयाच्या 10 वर्षे आधीपासून, यांपैकी जे लवकर येईल तेव्हापासून.

दुर्बिणीचे गुणगान करतानाही तारतम्य सोडता कामा नये. पोलंड, नॉर्वे व स्वीडन येथील सुमारे 85 हजार लोकांच्या पाहणीचा निष्कर्ष 2022 मध्ये आला. ज्यांना कोलोनोस्कोपीचे आमंत्रण दिले, त्या गटात 10 वर्षांत हा रोग होण्याचे प्रमाण शेकडा 18 ने कमी आढळले. अपेक्षेहून हे कमी होते. पण आमंत्रितांपैकी प्रत्यक्ष तपासणीस आले होते शंभरातील 42 च. म्हणजे तिकडेही संकोच आणि आळस आहेतच. औषधाची बाटली फडताळात ठेवून गुण कसा येणार?

आपल्याकडे काय झाले? कलकत्त्यात कर्करोगाची आठवण श्रीरामकृष्ण परमहंसांच्या अखेरच्या आजारापासून निघते. घशाच्या कर्करोगाने ते 1886 च्या ऑगस्टमध्ये काशीपूर येथे गेले. डॉ. महेंद्रलाल सरकारांसारखा नामांकित वैद्यही हतबल होता. देशबंधू चित्तरंजन दास यांनी आपले राहते घर लोकांच्या सेवेसाठी देऊन टाकले आणि 1926 मध्ये तेथे चित्तरंजन सेवासदन उभे राहिले. त्याच आवारात 2 जानेवारी 1950 रोजी कर्करोग रुग्णालयाचे उद्घाटन मादाम इरेन जोलियो-क्यूरी यांच्या हस्ते झाले. 1987 मध्ये हे रुग्णालय आणि तेथील संशोधन केंद्र मिळून चित्तरंजन राष्ट्रीय कर्करोग संस्था बनली. हाजरा रोडच्या महाराष्ट्र निवासात उतरणाऱ्या मराठी पाहुण्यास हे आवार अगदी जवळ आहे. ठाकुरपुकूर येथील रुग्णालय 1973 पासूनचे, राजारहाटचे टाटा वैद्यकीय केंद्र 2011 पासूनचे, तर राष्ट्रीय संस्थेचे दुसरे संकुल 2022 मध्ये राजारहाटलाच सुरू झाले.

महाराष्ट्राची कामगिरीही आठवावी. मुंबईचे टाटा स्मारक रुग्णालय 1941 चे. तेथील प्रयोगशाळांची घडी बसविणारे डॉ. वसंत रामजी खानोलकर हे भारतीय विकृतिशास्त्राचे अध्वर्यू मानले जातात. सोलापूर जिल्ह्यातील बार्शी येथे 1987 मध्ये देशातील पहिली ग्रामीण कर्करोग नोंदवही सुरू झाली. पुढे शेजारच्या तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यात सुमारे 1 लाख 31 हजार स्त्रियांवर गर्भाशयमुखाच्या कर्करोगाची पाहणी झाली. विषाणूची एकच परीक्षा करून योग्य उपचार केल्यास या रोगाचे मृत्यू जवळजवळ निम्म्याने घटतात, हा तिचा निष्कर्ष 2009 मध्ये जगभर गाजला. दुष्काळी मुलुखातील शेतकरी बायकांनी हा पुरावा जगास दिला. खेड्यातले लोक तपासणीस येत नाहीत, असे म्हणणाऱ्यांस हे चोख उत्तर आहे. घरी जाऊन, नीट समजावून बोलावले, तर येतात.

मग आतड्याच्या तपासणीची राष्ट्रीय योजना का नाही? केंद्र सरकारचा कर्करोग नियंत्रण कार्यक्रम 1975 च्या सुमारास सुरू झाला. 2010 मध्ये त्याची सांगड मधुमेह व हृदयरोगाशी घालण्यात आली आणि 2016 मध्ये तिशीवरील लोकांच्या तपासणीची रूपरेषा ठरली. तीत मुख, स्तन व गर्भाशयमुख हे तीन कर्करोग घेण्यात आले, मोठे आतडे नाही. एक शासकीय सेवक म्हणून मला यामागील तर्क समजतो. आपल्याकडे या रोगाचे वार्षिक प्रमाण लाखात 4 ते 5 इतकेच आहे; पाश्चात्त्य देशांत ते कित्येक पट आहे. देशात पन्नाशी ओलांडलेले लोक 20 कोटींहून अधिक. त्या सर्वांना दुर्बीण दाखवावयाची म्हटले, तर आहेत ते डॉक्टर आणि आहेत ती यंत्रे निरोग्यांच्या रांगेत अडकतील आणि ज्याला आजच रक्त पडत आहे तो मागे राहील. तोंडात तर आरोग्यसेविका विजेरी घेऊनही पाहू शकते. तेव्हा मर्यादित पैशात आधी तिकडे पाहावे, हे न्याय्यच होय.

परंतु तर्काची दुसरी बाजूही मांडली पाहिजे. लोकसंख्या प्रचंड असल्याने लाखात 4 ते 5 म्हटले तरी देशात वर्षाला सुमारे 70 हजार नवे रुग्ण होतात. टाटा स्मारक रुग्णालयाच्या एका मोठ्या पाहणीत या रुग्णांचे सरासरी वय पन्नाशीच्या आतच आढळले, आणि पुष्कळजण रोग पुढे गेल्यावर आलेले असतात. शिवाय कोटींच्या सरासरीत शहरी, बैठ्या कामाचा, तूपसाखरेचा, तंबाखूचा आणि चालणे विसरलेला माणूस दडून जातो. तो माणूस म्हणजे आपणच. सरकारी योजना नाही म्हणून धोका नाही, असे समजणे म्हणजे पुलावर दिवा नाही म्हणून नदी नाही असे समजणे होय.

मधला मार्ग उपलब्ध आहे. शौचातील गुप्त रक्ताची परीक्षा कमी खर्चात होते. तिच्यात दोष आढळला, तरच दुर्बीण. मात्र ज्यास रक्त पडते, शौचाच्या सवयीत आठवड्यानुआठवडे फरक पडला आहे, विनाकारण वजन उतरते आहे किंवा उतारवयात रक्तक्षय झाला आहे, त्याने परीक्षेच्या पायरीवर न थांबता थेट डॉक्टरकडे जावे.

तपासणीविषयी जी भीती आहे, तिच्याबद्दल पन्नाशी उलटल्यावर ती करून घेतलेला मनुष्य म्हणून दोन शब्द लिहितो. खरा वनवास आदल्या दिवशीचा. हलका आहार, मग लिटरच्या लिटर खारट औषधी पाणी, आणि रात्रभर येरझारा. प्रत्यक्ष तपासणी गुंगीच्या औषधात अर्ध्या-पाऊण तासात उरकते, आणि जागे होताच मनुष्य प्रथम चहा मागतो. आतड्यास इजा होण्याचा संभव हजारात एकाहूनही कमी असतो. लाज वाटावी असे तेथे काही घडत नाही. तेथील लोकांना आपले आतडे हे दिवसातील दहावे किंवा बारावे असते.

अडचण येते ती वेगळ्याच ठिकाणी. गुंगीमुळे सोबत एक जबाबदार माणूस लागतो, त्यावाचून तपासणी होत नाही. आपल्या मंडळातील कितीतरी निवृत्त सभासदांची मुले पुण्याला, बंगळूरला किंवा सातासमुद्रापलीकडे आहेत. आदल्या रात्री घरात कोणी नाही, दुसऱ्या दिवशी नेणारा कोणी नाही, एवढ्याच कारणाने तारीख पुढे ढकलली जाते. सरकारी आरोग्य योजना 1954 पासून आहे, पण ती सोबत येऊन बाकावर बसत नाही. खर्चाची सोय झाली म्हणजे उपचार हाती आला, असे नव्हे. अखेरचे दहा पावलांचे अंतर माणसानेच माणसासाठी चालावे लागते.

म्हणून सुवर्णमहोत्सवी वर्षासाठी एक सूचना कार्यकारिणीपुढे ठेवतो. पंचेचाळिशी ओलांडलेल्या सभासदांची एक यादी करावी. शौचपरीक्षेची माहिती मराठीत छापून घरोघर द्यावी. आणि तपासणीस जाणाऱ्या एकट्या सभासदाबरोबर आदल्या रात्री व त्या दिवशी राहतील अशा आठ-दहा कार्यकर्त्यांची नावे व दूरध्वनी क्रमांक मंडळाच्या फलकावर लावावेत. बनगावच्या छावणीत यंत्र नव्हते, औषधही संपले होते. पिंपातले पाणी आणि ते पेल्याने पाजणारे नातलग एवढ्यावर तेथे हजारोंचे प्राण वाचले. आपल्याजवळ त्याहून पुष्कळ अधिक आहे. पहिले नाव माझे लिहावे.